उंट कुणी बांधला?

"दोन्ही बोलणाऱ्यांना बोलावलंय साहेबानं. शेठलाबी. आन् तवर त्या मशीनला कुनी हात लावायचा न्हाई."

तहसीलदारांचा चपराशी तंबूच्या दारात उभा राहून हे सांगत होता, तेव्हा मी पडद्याला पडलेलं भोक शिवत होते. सुई तशीच कापडात टोचून ठेवली आणि विचारलं, "गुन्हा काय झाला?"

"इजाजत घेतली एका खेळाची, दावले दोन."

"दोन कुठून दाखवू? आमच्याकडं आहेच एक."

"ते साहेबाला सांगा." एवढं बोलून तो वळला. वळताना तंबूच्या दोरात पाय अडकून तोंडावर पडता पडता वाचला, आणि हाही आमचाच गुन्हा असल्यासारखं बघून निघून गेला.

ही गोष्ट मुक्या चित्रांच्या वेळची, आमच्या निजामी मुलखातली. आता बोलपट आले, चित्रातली माणसं आपापलं बोलतात, त्यामुळे माझं काम काय होतं ते आधी सांगावं लागेल.

आमची टूरिंग बायस्कोप कंपनी होती. बैलगाड्यांवर तंबू, मशीन आणि रिळांचे डबे घालून गावोगाव फिरायचं. मालक आबाशेठ. मशीनही तेच चालवत. मशीन हाताने फिरवायचं असे, आतला दिवा गॅसवर जळे. शेठच्या बायकोला आम्ही सगळे आक्का म्हणत असू. जनान्याच्या दाराशी टिकिटं फाडायचं काम त्यांचं. जनाना म्हणजे बायकांची बसायची जागा.

मुक्या चित्रात मधूनमधून लिहिलेली ओळ येते. तिला टायटल म्हणतात. विलायती चित्राचं टायटल इंग्रजीत. ते आमच्यापैकी कुणाला वाचता येत नव्हतं आणि बघणाऱ्यांना तर कुठलंच येत नव्हतं. म्हणून पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून गोष्ट सांगे. 'आता हा म्हणतो, ती म्हणते, आता बघा गंमत.' त्याला आम्ही बोलणारा म्हणत असू. आमच्याकडे बोलणारे दोन होते. पुरुषांकडे बापू मास्तर, पूर्वी तमाशात सोंगाड्या होते. बायकांकडे मी, यमुना.

दोन कशाला, तर पडदा तंबूच्या मधोमध असे. पुढच्या बाजूला पुरुष आणि मशीन, मागच्या बाजूला बायका. पडदा मांजरपाटाचा. खेळाआधी त्यावर पाणी मारून चिंब भिजवायचा. ओल्या कापडातून उजेड आरपार येतो, म्हणून तेच चित्र मागेही दिसतं. पुरुषांची नजर नको आणि बायकांचं टिकीटही बुडायला नको, अशी दोन्हीकडची सोय. मागून चित्र उलटं दिसतं एवढंच. उजवा हात डावा होतो. बायकांची त्याबद्दल तक्रार नव्हती. "समदे डावरेच हायेत जनू," असं म्हणून त्या पुढचं बघायच्या.

तर तंबू पडला होता शिरूर कासारला, शिंदफणेच्या पात्रात. उन्हाळ्यात त्या पात्रात पाणी नसतं, वाळू असते. प्यायचं पाणी वाळूत झिरा खणून वाटी वाटीने भरायचं. तहसीलदार साहेब दौऱ्यावर होते. गावाबाहेरच्या आंबराईत त्यांचा डेरा होता आणि बेगमही बरोबर होत्या. आदल्या संध्याकाळी साहेब पुढे खुर्चीवर बसले, बेगम पडदा लावलेल्या दमणीतून येऊन मागे जनान्यात बसल्या. आबाशेठचा आनंद तंबूत मावत नव्हता.

खेळ विनोदी होता. एक गोरा नवरा, मिशी मुंगीएवढी. एक गोरी नवरी, हातात छत्री. लग्न झाल्या झाल्या दोघं एका उंटावर बसून वाळवंटात फिरायला निघतात. बरोबर तंबू, पेटारे आणि आंघोळीचं हे एवढं मोठं घंगाळ.

पहिल्याच चित्राला जनान्यातून एका म्हातारीचा प्रश्न आला.

"बाई, ह्ये दोघंच निघाले व्हय? पाठराखीण कुठंय?"

"त्यांच्यात पाठराखीण नसते."

"देवाला चालले आसतील."

"देवाला नाही. नुसतंच जायचं. साहेबलोकांत लग्न झालं की नवरा-नवरी दोघंच लांब कुठंतरी जातात."

"कावून?"

आता याला मी काय उत्तर देणार? शंभर बायका आणि लेकरंबाळं समोर. मी म्हटलं, "पहिलं भांडण घरच्यांच्या देखत व्हायला नको म्हणून."

"हां, मंग बराबर हाय," म्हातारी म्हणाली आणि खेळ पुढे सरकला.

पुढे असं होतं की वाळवंटात मुक्काम पडतो. तंबू उभा राहतो. उंटाचा दोर तंबूच्याच खांबाला बांधला जातो. दोघं आत झोपतात आणि उंट चालू लागतो. उंटाबरोबर तंबू जातो, तंबूबरोबर पेटारे आणि पाण्याची पखाल. सकाळी नवरा-नवरी उघड्या वाळवंटात घंगाळापाशी बसलेली. मग तहान, ऊन आणि भांडण. पाठीला पाठ लावून दोघं घंगाळात बसतात, घंगाळ टेकडीवरून घसरतं आणि थेट खालच्या पाणवठ्यावर जाऊन थांबतं. तिथे उंट आधीच पाणी पीत उभा, पाठीवर तंबू घेऊन.

सगळा तंबू हसला. वाळूत बसून वाळूतली माणसं बघायला लोकांना भारी मजा वाटली. "ही तर आपली शिंदफणाच की!" असं पुढून कुणीतरी ओरडलंसुद्धा. खेळ चांगला झाला असं समजून मी झोपले.

सकाळी पडदा भिजवायच्या पाण्याचं सांगायला झिऱ्यावर गेले, तेव्हा काहीतरी बिनसलंय हे पहिल्यांदा कळलं. सखू नावाची एक बाई आम्हाला रोज पाणी आणून देई. तिने माझ्याकडे न बघताच घागर भरली.

"बाई, आज तुमचं पानी म्या आनायची न्हाई."

"का गं?"

"घरचा मालक म्हनला, त्या तंबूकडं फिरकलीस तर तंगडी मोडीन."

"एवढं काय झालं?"

"काय व्हयाचंय? रातच्याला घरी गेलो. म्या सहज म्हनलं, बगितलं का, नवऱ्यानं आक्कल पाजळली, उंट तंबूला बांधला, म्हून समदं गेलं. तर आंगावरच आला की! म्हनला, डोळे फुटले का? नवरीनं बांधला. म्या म्हनलं, तुमचेच फुटले. आमची बाई काय खोटं बोलती व्हय?"

शेजारची म्हातारी वाटीने पाणी उपसता उपसता म्हणाली, "आमचं म्हातारं तर उपाशी झोपलं. नातवंडं झाली आमाला, आन् आता उंटावरनं भांडन!"

मी परत येऊन पडदा शिवायला बसले आणि चपराशी आला.

आंबराईत साहेब खुर्चीवर बसले होते. मागे कनात लावलेली, म्हणजे कापडाचा आडपडदा. तिच्या कडेला बेगमसाहेबांची दाई चाँदबी उभी होती. कनातीआड बांगड्या वाजल्या, त्यावरून बेगमही तिथेच आहेत हे कळलं. साहेबांच्या बाजूला पाण्याची सुरई होती, समोरचं पानाचं तबक रिकामं होतं. त्या घरातही उंट पोचला होता.

साहेबांनी बापूंना विचारलं, "काल आम्ही काय बघितलं? ऊंट तंबूच्या सीधे हाताला होता. बराबर?"

"बराबर, हुजूर."

"और दुल्हननं बांधला."

"जी, हुजूर. नवरीनंच."

मग माझ्याकडे वळले. "जनान्यात काय दाखवलं? ऊंट बाएँ हाताला?"

"होय, साहेब."

"और दूल्ह्यानं बांधला."

"होय."

"तो फिर?" त्यांनी दोन बोटं वर केली. "इजाजत एक, खेळ दोन. आमच्यासाठी एक, जनान्यासाठी दुसरा. सरकारला काय समजता तुम्ही?"

घामाने आबाशेठची टोपी काळी पडली होती. मी म्हटलं, "साहेब, ही सुरई तुमच्या कुठल्या हाताला आहे?"

"सीधे."

"मी तुमच्यासमोर उभी आहे. ती माझ्या डाव्या हाताला आहे. सुरई एकच आहे. पडद्याच्या मागे बसलं की असंच होतं."

साहेबांनी सुरईकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि मान हलवली. माणूस हट्टी नव्हता. पटलं की सोडून देई.

"ठीक. ऊंट एक. अब बांधनेवाला बताओ. तो भी एकच पाहिजे ना?"

इथे मात्र माझ्याकडे सुरई नव्हती. मी खरं होतं ते सांगितलं. टायटल इंग्रजीत असल्यामुळे आम्हाला गोष्ट कुणीतरी सांगावी लागते. हे चित्र शेठ आणि आक्का यांनी मुंबईला एका बाकावर शेजारी शेजारी बसून बघितलं. शेठनी बापूंना सांगितलं, आक्कांनी मला. आम्ही दोघं पडद्याकडे पाठ करून लोकांकडे बघत बोलतो. चित्र असं आम्ही बघतच नाही.

"म्हणजे मियाँबीवीनं एका बाकावरून दोन खेळ बघितले?"

"होय, साहेब."

कनातीआड पुन्हा बांगड्या वाजल्या. या वेळी जरा जोरात. साहेबांनी आवाज खाली आणला.

"सुनो. अमीनसाब म्हणतात, गावात घरोघर झगडे लागले, बायस्कोप बंद करा." अमीन म्हणजे पोलिसांचे वरिष्ठ. "आम्ही आज पुन्हा बघणार. सगळं गाव बघणार. तोच खेळ. मगर बोलणारे दोघं चूप. एक लफ्ज बोलले, तर मशीन पेटीत, पेटीला सील, आणि पेटी बीडला."

"हुजूर," आबाशेठ कसेबसे म्हणाले, "बोलल्याबिगर लोकांना समजायचं कसं?"

"आँखें दी हैं ना अल्लानं?"

बीडला गेलेली पेटी परत मिळेपर्यंत पावसाळा लागतो आणि पावसाळ्यात तंबू उभा राहत नाही. म्हणजे वर्ष गेलं. परत आल्यावर तंबूच्या दाराशी आबाशेठ थांबले आणि आम्हा दोघांना म्हणाले, "एक ऐकून ठेवा. आज ज्याचं खोटं ठरेल, त्यानं उद्या गाडीत बसायचं नाही."

मी विधवा. माझी मुलगी माझ्या भावाकडे राहून शिकत होती, तिचा खर्च मी पाठवत असे. हे काम गेलं तर दुसरं मिळालं नसतं असं नाही. धुणीभांडी कुठेही मिळतात. मला ती करायची नव्हती.

"शेठ," मी म्हटलं, "गोष्ट मला आक्कांनी सांगितली. बापूंना तुम्ही. मग गाडीतून नक्की कुणाला उतरवायचं?"

ते ऐकून आक्का आतून बाहेर आल्या. "काय झालं?"

झालं ते सांगितल्यावर त्या सरळ शेठकडे वळल्या. "बांधला कुणी, म्हणजे? नवऱ्यानं! मी डोळ्यानं बघितलंय. तुम्ही तेव्हा पान लावत होतात."

"आणि तू पुढच्या बाईचं पातळ बघत होतीस."

"पातळ बघून झालं होतं माझं तोवर!"

"नवरीनं बांधला. तिच्या हातात दोर होता."

"हातात दोर तर तुमच्याही असतो. गाडी कोण जुंपतं आपली?"

त्यांना तसंच सोडून बापू मास्तर आणि मी रिळाचा डबा घेऊन बाहेर उन्हात आलो. बापूंनी आधी बिडी विझवून लांब फेकली. फिल्म कापरासारखी पेटते, तिच्याजवळ बिडी चालत नाही. उंटाची जागा शोधून आम्ही फिल्म सूर्यासमोर धरली. एकेक चित्र नखाएवढं. नवरा तांदळाच्या दाण्याएवढा, नवरी तेवढीच. उंट ओळखू येत होता. दोर केसासारखा, कधी दिसे, कधी नाही. कुणाच्या हातात आहे ते ब्रह्मदेवाला कळलं नसतं.

बापू डोळे चोळत म्हणाले, "यमुनाबाई, समजा माझं खरं निघालं तर?"

"तर मी आज पडदा कोरडाच ठेवीन."

"आन् तुमचं खरं निघालं तर?"

"तर तुम्ही परत तमाशात जा. तिथं नवरीचीच चूक असते."

ते हसले. मग म्हणाले, "तमाशात आता दुसरा सोंगाड्या हाय. जवान हाय." आणि फिल्म जपून गुंडाळायला लागले. मला त्यांच्याबद्दल तोवर राग होता. तो तेवढ्यावर थांबला, कारण मला पाणी आणायचं होतं.

पडदा भिजवल्याशिवाय मागे काही दिसत नाही आणि मागे दिसलं नाही तर बेगमसाहेबांना दिसत नाही. मी आणि आक्का घागरी घेऊन झिऱ्यावर गेलो. वाळूत बसून वाटीने पाणी भरत होतो, तेवढ्यात सखू आली आणि माझ्या हातातली वाटी तिने काढून घेतली.

"सरका, बाई. अशानं तुमाला दिवाळी येईल."

"आणि तंगडी?"

"गावात दवंडी झाली. साहेबाचा हुकूम हाय, समद्यांनी बगायचं. म्या मालकाला म्हनलं, आता मोड तंगडी. साहेबाला सांगू का?" तिने घागर डोक्यावर घेतली. "बाई, पर खरं सांगा, नवऱ्यानंच बांधला न्हवं?"

"आज बघ आणि तूच मला सांग."

"म्हंजी? तुमालाच म्हाईत न्हाई?"

चूप राहायचा हुकूम संध्याकाळचा होता, पण मी आतापासूनच पाळायला घेतला.

दिवेलागणीनंतर तंबू गच्च भरला. काल न आलेलेही आले होते. साहेब पुढे, बेगम मागे, दोघांच्या मध्ये ओला पडदा. मी नेहमीच्या जागी उभी राहिले आणि सवयीने लोकांकडे तोंड केलं. मग आठवलं आणि वळून पडद्याकडे बघितलं. इतकी वर्षं काम करून मी पहिल्यांदाच टिकीट काढलेल्या माणसासारखी चित्र बघत होते.

मशीनची खरखर सोडून आवाज नव्हता. त्याचं मला फार वाईट वाटलं. बोलणारा बोलत नाही म्हटल्यावर लोक कंटाळतात, शिट्या मारतात. एका गावात तर पडद्यावर शेण फेकलं होतं. नवरा-नवरी उंटावर चढली, कुणी हसलं नाही. घंगाळ उंटाच्या पाठीवरून दोनदा पडलं, तरी नाही. लोक पंचाच्या बैठकीला आल्यासारखे डोळे बारीक करून बसले होते. सगळ्यांना फक्त दोर बघायचा होता.

मुक्काम आला. तंबू उभा राहिला. नवऱ्याच्या हातात दोर होता. त्याला पेटारा उचलायचा होता, म्हणून त्याने न बघताच दोर नवरीच्या हातात दिला.

पुढून पुरुष ओरडले, "दिला! तिच्या हातात दिला!"

नवरीला छत्री मिटायची होती. तिने दोराचा फास खांबाला नुसता अडकवला आणि छत्रीशी झटापट करत निघून गेली.

"बगा! बगा! तिनंच!" पुढे एकच गिल्ला झाला. त्यात मला सखूच्या मालकाचा असावा असा एक जाडा आवाज वेगळा ऐकू आला, "म्या काय म्हनलो व्हतो!" पडद्यापलीकडे बापू मास्तर असतील तिथे ते नक्कीच ताठ उभे राहिले असणार. माझी मान खाली गेली. गाठोड्यात काय काय बांधायचं ते मी मनात मोजायला लागले.

"आवो, थांबा की!" जनान्यातून सखू ओरडली. "आजून खेळ व्हायचाय!"

मी पुन्हा वर बघितलं. पेटारा ठेवून नवरा परत आला. त्याला खांबाला अडकवलेला दोर दिसला. नवा नवरा. बायकोने केलेलं काम त्याला कसं पसंत पडणार? त्याने मान हलवली, बाह्या सरसावल्या, फास ओढून करकचून आवळला, वर आणखी दोन गाठी मारल्या आणि हात झटकून ऐटीत उभा राहिला.

पुढचा गिल्ला थांबला, मागे बायका गुडघ्यांवर उठल्या.

पडद्यावर नवरी परत आली. तिने गाठ बघितली, नवऱ्याकडे बघून कौतुकाने मान डोलावली. नवऱ्यानेही डोलावली. दोघं खूश होऊन तंबूत शिरली. मागे उंट राहिला. त्याने दोराकडे बघितलं, खांबाकडे बघितलं, मग सावकाश तोंड फिरवून सरळ आमच्याकडे, बघणाऱ्यांकडे बघितलं. आणि चालायला लागला.

पहिलं हसू कुणाचं ते मला सांगता येणार नाही. कनातीआड बसायची सवय असलेलं, दाबलेलं, कुठल्यातरी बाईचं होतं. पण त्यानंतर ते दोन्हीकडून एकदम फुटलं. पडदा हसण्याने हलत होता. काल आम्ही दोघं घसा फोडून बोलत होतो तेव्हा पुढचे एका ठिकाणी हसत आणि मागचे दुसऱ्या. आज एकाच वेळी हसले. घंगाळ घसरलं तेव्हा माझ्याजवळची झिऱ्यावरची म्हातारी वाळूत आडवी झाली होती.

शेवटी नवरा-नवरी समेट करून एकमेकांच्या तोंडाजवळ तोंड नेतात. त्या जागी आबाशेठ नेहमी मशीनच्या भिंगासमोर पंजा धरत, म्हणजे गावात तक्रार नको. आज ते स्वतःच इतके हसत होते की पंजा उशिरा आणि वाकडा आला. पडद्यावर पाच बोटांची भलीमोठी सावली पडली आणि बोटांच्या फटीतून सगळं दिसलं. त्यावरही लोक हसले. तक्रार कुणी केली नाही.

गॅसबत्ती लावली. साहेब उभे राहिले. मी मागे होते, मला ते दिसत नव्हते, पण त्यांचा कचेरीतला आवाज पडद्यातून आला.

"तो, कसूर किसका?"

मागे सगळ्या बायका बेगमसाहेबांकडे बघायला लागल्या. बेगम बुरख्याआडून चाँदबीच्या कानाशी काहीतरी म्हणाल्या. चाँदबी पडद्याजवळ गेली, गळा साफ केला आणि मोठ्याने म्हणाली, "बेगमसाहेबा फर्माते हैं, कसूर ऊंट का."

"मंजूर," साहेब म्हणाले.

मी तिथेच वाळूत बसले. सखू बाहेर जाता जाता माझ्यापाशी थांबली.

"बाई, दोगांचंबी खरंच निघालं की."

"अर्धं अर्धं."

"मालकाला म्हनते, तुमचं आर्धं तुमी ठेवा, माजं मला." आणि तंगडी शाबूत घेऊन ती घरी गेली. दुसऱ्या दिवशी पाणी वेळेवर आलं.

पेटीला सील लागलं नाही. दुसऱ्या दिवशी साहेबांचा चपराशी पुन्हा आला तेव्हा मी पडदा वाळत घालत होते. मी विचारलं, "आता गुन्हा काय झाला?" पण तो फक्त सांगायला आला होता की डेरा हलेपर्यंत साहेब रोज येणार आहेत आणि दोन खुर्च्या राखून ठेवा. पुढे एक, मागे एक. त्याला तंबूचा दोर चुकवत जाताना बघून मी हसले. तोही हसला.

गाडीतून कुणी उतरलं नाही. शेठ काय म्हणाले होते ते सगळे विसरले, शेठ सगळ्यात आधी. आक्का मात्र पुढची दोन गावं येईपर्यंत त्यांना ऐकवत होत्या की गाठ शेवटी नवऱ्यानेच मारली, आणि शेठ म्हणत होते की अडकवला होता कुणी.

बापू मास्तर आणि मी त्यानंतर बोलपट येईपर्यंत एकाच पडद्याच्या दोन बाजूंना बोललो. एक पद्धत मात्र पाडली. नवं चित्र आलं की आधी दोघांनी एकाच बाजूला बसून, तोंड मिटून ते पूर्ण बघायचं. शेठना विचारायचं नाही, आक्कांनाही नाही. आणि चित्रात नवरा-बायकोचं भांडण असलं की चूक कुणाची हे सांगायच्या आधी आसपास एखादा उंट आहे का ते बघून घ्यायचं. बहुतेक वेळा सापडतो.